तुम्ही न पाह्यलेली चढाई

आदरणीय उस्ताद,

पाहा, पहिल्याच ओळीत गाडी रुतली! तुमाले काय म्हणून हाक मारावं? लग्न होऊन या तांड्यात आली, तेव्हापासून तुम्ही जाईपर्यंत मी तुमच्याशी एक शब्द बोलली नाही. ना 'जेवाले चला' म्हटलं, ना 'पाणी देऊ का' विचारलं. आपल्या गोर बंजारा लोकायत सून सासऱ्यासमोर घुंगट वर करत नाही अन् तोंडातून आवाज काढत नाही. मग हाक कुठून मारणार? सारा तांडा तुमाले उस्ताद म्हणत होता, मीही तेच लिहिते. चालते ना? नसंन चालत तरी आता तुम्ही काय करणार बाप्पा, आता बोलायची पाळी माही आहे!

आज सकाळी तांड्याचे नायक घरी आलते. तुमाले जाऊन अजून कापसाची पहिली वेचणीही पुरी झाली नाही, अन् मैदानावर बकऱ्या बसून राह्यल्या. म्हणाले, "उस्तादाच्या जागी पोरीयले शिकवायले कोण उभं राहीन?" आपल्या कबड्डीच्या टीमची कप्तान शेवंता तिथीच बसलीती. ती चटकन बोलली, "जमना!"

नायक हसले. "अवो, सून हाय ते. सासऱ्या-जेठायसमोर मैदानात उभी राहून आरडाओरडा करीन का?" मी चुलीपाशी घुंगट ओढून बसलीती. 'उद्या सकाळी सांगा' म्हणून ते गेले.

तर उद्या मले उत्तर द्यायचं आहे. पण त्याच्याआधी तुमाले एक गोष्ट सांगायची राह्यली आहे. पुसदच्या मैदानावरची ती शेवटची चढाई. उस्ताद म्हणून तुमचा पहिला विजय, अन् तुम्ही तिकडे पाठ करून उभे होते! घरचे सारे वावरात गेले, याडी ओसरीत घोरून राह्यली. सासूबाईले मी याडीच म्हणते, आई, हे तुमाले माहीत आहे. चिडीचूप दुपार आहे, म्हणून लिहाले बसली. माह्या बापानं पुसदले ठेवून सातवीपर्यंत शिकवलं, ते आज कामी आलं.

तुमचं तोंड मी नीट पाह्यलं ते तुम्ही गेल्यावर. तुमाले अंगणात निजवलं अन् याडी म्हणाली, "पाह्य बाई, आता पाह्य." तुमच्या मिशा एवढ्या झुबकेदार होत्या, हे मले माहीतच नव्हतं! तोवर मी तुमाले पायावरून ओळखत होती. उजव्या पायाचा अंगठा मोडून बाहेर वळलेला, टाचेले भेगा, अन् चालतानी डावा पाय जरासक ओढायची सवय. तांड्यातल्या साऱ्या मोठ्या माणसायचे पाय मले पाठ होते. घुंगटाखालून सुनेले दुसरं काय दिसते?

तुमची सारी कहाणी मले याडीनं सांगतली, भाकरी थापता थापता. तरणे होते तेव्हा तुम्ही अमरावतीच्या बाजारात कापसाच्या गाठी लादत होते. सांजच्याले हमाल लोक हुतुतू खेळत. तिथी एका आखाड्याच्या वस्तादानं तुमची पकड पाह्यली अन् हात धरून घेऊन गेला. मग हिंदुस्थानचे खेळ दाखवायले एक चमू बोटीनं परदेशात निघाला, अन् त्यात तुम्ही! ज्याच्या आज्यानं बैलायवर मीठ लादून मुलूख पालथा घातला, त्याचा नातू बोटीत बसून विलायतेले!

बोटीत उलट्या होऊन होऊन तुमचा जीव नकोसा झालता म्हणे. तिथल्या कडाक्याच्या थंडीत, हिरव्या गवतावर, चड्डी-बनियनवर खेळले. गोऱ्या लोकायले समजेना, हे लोक काय पुटपुटून राह्यले? मंत्र म्हणतात का शिव्या देतात? सामना झाल्यावर एक गोरा तुमच्यापाशी आला अन् तुमचं तोंड उघडून पाह्यलं, आत शिट्टी लपवली का म्हणून! हे सांगतानी याडी इतकी हसे, इतकी हसे, की तव्यावरची भाकर करपून जाये. मग सारे गोरे उभे राहून टाळ्या वाजवत होते, हे ती शेवटी सांगे, अन् तेव्हा हसत नसे.

वापस आल्यावर तुम्ही किती तरी वर्षं वऱ्हाडच्या चमूत खेळले. घोट्याची पकड म्हणजे उस्तादाचीच. तुमच्या हातात घोटा आला म्हणजे चढाईवाला मुकाट्यानं खाली बसे. मग अंगठा मोडला, गुडघा गेला, अन् तुम्ही विलायतेत भेटलेला लोकरीचा कोट घेऊन तांड्यात आले. अन् तांडा काय म्हणाला? "विलायत? याले कोण नेते विलायतेले! अमरावतीच्या बाजारात घेतला असंन कोट!" माय वो, किती आग झाली असंन तुमच्या जिवाची! पण तुम्ही कोणाशी भांडले नाही. तांड्याबाहेर माळावर चुन्यानं रेषा मारल्या अन् पोट्ट्यायले शिकवायले लागले.

पण खरं सांगू का? राग येऊ देऊ नका. तुमची माणसायची टीम काही कामाची नव्हती! तुम्ही घसा फाडून सांगत, "डोळ्यात पाहू नका रे, पायाकडे पाहा. डोळा फसवते, पाय फसवत नाही." अन् हे बह्याड समोरच्याच्या डोळ्यात डोळे घालून, मिशीवर ताव देत उभे! तुमचा लेक, माहा नवरा किसन, त्यात पहिला. पार नेरपर्यंत खेळायले गेले, अन् जिथी गेले तिथून मार खाऊन आले.

ज्या साली शेवंताचे लोक नागपूरले जाऊन दीक्षा घेऊन आले, त्याच साली मी लग्न होऊन आली, अन् त्याच साली टीम मोडली. तुम्ही अंगणातल्या लिंबाखाली बाज टाकून बसून राहत. खेळाडू म्हणून दुनिया पाह्यली, अन् उस्ताद म्हणून एक स्पर्धा जिंकता येत नाही! हे तुमाले आतून खात होतं. मले कसं समजलं म्हणता? तुमचे पाय दिवसभर एकाच जागी राहत. ज्या माणसाचे पाय घडीभर थांबत नव्हते, त्याचे.

अन् मग ते वासरू!

मी डोक्यावर शेणाची पाटी घेऊन चाललीती. वासरानं दावं तोडलं अन् कापसाच्या वावराकडे सुसाट निघालं. मी पाटी फेकली अन् मागं धावली. घुंगट दातात धरलेला. वासराचं तोंड कुठी, शेपूट कुठी, मले काय दिसते? पाय दिसले. मागचा घोटा धरला अन् अंग टाकलं. वासरू खाली, मी खाली, शेण चारी मेरे! उठून पाहते तर समोर मोडका अंगठा. मले वाटलं, आता मेली. सासऱ्यासमोर अशी लोळली!

तुम्ही लिंबाच्या झाडाकडे वळून म्हणाले, "पाह्यलं का रे लिंबा? अशी पकड मी नागपूरलेही नाही पाह्यली."

सासरा सुनेशी थेट बोलत नाही, मध्ये कोणीतरी लागते. याडी नसली म्हणजे तुम्ही लिंबाले मध्ये घेत. "लिंबा, तिले सांग, बैलाले पाणी दाखव." मी तांब्यावर टिचकी मारे. एक टिचकी म्हणजे हाव, दोन म्हणजे नाही. त्या दिवशी मात्र तुम्ही त्या झाडाचं डोकं खाल्लं! "लिंबा, मी या पोट्ट्यायले पायाकडे पाहा म्हणून सांगून सांगून म्हातारा झालो, अन् पाय पाहणारी माह्याच घरात हाय! तांड्यातल्या साऱ्या सुना पायच पाहतात. मले काहून नाही सुचलं रे?" मग आवाज खाली करून म्हणाले, "तिले विचार, खेळतं का?"

माहेरी मी लय हुतुतू खेळली होती. तांब्या जवळ नव्हता. मी पालथ्या पाटीवर एक बुक्की मारली.

लेकी चढाईले अन् सुना पकडीले, असा नियम दुनियेत कुठी असंन का? पण आपल्या तांड्यात तोच जमे. तांड्याच्या लेकी तुमच्यासमोर बोलत, तर त्या 'कबड्डी कबड्डी' म्हणत चढाई करतील. सुनायले आवाज काढायची मनाई, तर त्या चूपचाप पकडतील. पकडाले कुठी आवाज लागते? नायकानं लय गोंधळ घातला. "आपल्या सुना मातीत लोळतील?" याडी कमरेवर हात ठेवून म्हणाली, "वावरात लोळतात, गोठ्यात लोळतात, ते दिसत नाही का तुमाले?" नायक निघून गेले.

तुम्ही खालच्या वस्तीतून शेवंताले आणलं, तेव्हा तर तांड्याचा नसाब बसला, सारे पंच जमले. तिच्या हातात हात कसा द्यायचा, हे त्यायचं दुखणं. तुम्ही म्हणाले, "हात धरल्याशिवाय साखळी होत नाही, अन् साखळीशिवाय पकड होत नाही. ज्याले धरायचा नसंन त्यानं घरी बसून शेंगा फोडाव्या." शेवंता तर तुमच्याशी थेट बोले, मान वर करून. "उस्ताद, आमी दीक्षा घेतली तेव्हापासून मान खाली घालाचं सोडलं." अन् मले चिडवे, "कावो जमना, तुहा सासरा वाघ हाय का? तोंड दाखवलं तं खाईन?" मले हसू ये अन् रागही ये. राग कायचा, ते तेव्हा समजत नव्हतं.

दम वाढवायले तुम्ही काय काय काढलं! "लिंबा, साऱ्यायले सांग, चूल एका दमात पेटली पाह्यजे. फुंकणी तोंडातून काढली का बाद!" हे खरं तर लेकीयसाठी होतं, चढाई त्यायची. पण घरची चूल तर मीच पेटवत होती ना! डोळ्यात पाणी, घरात धूर, गाल फुगून दुखत. किसन म्हणे, "आज भाकर भेटंन का नुसता दमच खावा?" तुम्ही बाहेरून हसत. तुमचं हसणं मात्र मले पाठ होतं.

मग पुसदची स्पर्धा आली. बायायच्या सामन्यात खेड्यातली टीम आपली एकच. बाकी साऱ्या शहरातल्या, शाळा-कॉलेजातल्या. आम्ही बैलगाडीतून उतरलो तसं कोणीतरी ओरडलं, "अरे, घुंगटवाल्या आल्या!" सारं मैदान हसलं.

अन् पंचानं पहिल्याच घासाले खडा टाकला. "दंडावरचे दागिने काढा. कोणाच्या डोळ्याले लागलं तर?" आमचे बलिये! नवरा जिवंत असतानी बलिये उतरवायचे? एकेक सून गाडीकडे वळाले लागली. तेव्हा याडी म्हणाली, "कोट काढा."

तुम्ही तो विलायतेचा कोट मिरवायले घालून आलते, पुसदच्या त्या उन्हात! याडीनं पंचाच्या टेबलावरची कात्री उचलली अन् टर्रकन फाडला. पट्ट्या करून प्रत्येकीच्या दंडाले बलियायवरून गुंडाळल्या. पंचानं दाबून दाबून पाह्यलं अन् मान हलवली. तुम्ही तंबूच्या खांबाले म्हणाले, "सांग तिले, बरं झालं. नाही तं कसरीनंच खाल्ला असता." मले तुमची कीव आली अन् तुमच्यावर जीवही लागला, हे आज लिहून टाकते.

मग आम्ही काय दाणादाण उडवली त्या शहरवाल्यायची! त्या पोरी डोळ्यानं हूल देत, एकीकडे पाहत अन् दुसरीकडे झेप घेत. पण आमाले त्यायचे डोळे दिसतच नव्हते! घुंगटाखालून पाय दिसत. पाय जिकडे, तिकडे आम्ही. चढाईवाली आली का घोट्यात अडकली. अर्धं पुसद आपल्या बाजूनं ओरडाले लागलं. सकाळी हसले तेच दुपारी 'घुंगटवाली, घुंगटवाली' म्हणून टाळ्या पिटून राह्यलते. एकामागून एक टीम घरी गेली अन् आपण शेवटच्या सामन्यात!

तो सामना मात्र जड गेला. त्या पोरीयनं आमची खोड ओळखली. पायानंच हूल द्यायले लागल्या. आपली पहिली चढाईवाली सुंदरी बाद झाली, मग बाकीच्या लेकी, मग एकेक सून, मग शेवंताही. बाहेर बसलेल्यायची रांग लांब झाली अन् मैदानात मी एकटीच उरली. आपण एका गुणानं मागं. पंचानं घड्याळ पाह्यलं अन् म्हणाले, "शेवटची चढाई. लवकर."

चढाई! मी जिंदगीत एका सामन्यात चढाई केली नव्हती. चढाई म्हणजे आवाज, अन् आवाज पंचाले ऐकू आला पाह्यजे, नाही तर बाद. अन् रेषेपाशी माहा सासरा उभा. शेवंता बाहेरून बोंबलत होती, "जमना, जाय वो! जाय!" किसन ओरडत होता. पंच बोटावर सेकंद मोजून राह्यलते. मी तुमच्या पायाकडे पाह्यलं.

तुमचा मोडका अंगठा माह्याकडे होता. मग तो हलला. आधी उजवा पाय फिरला, मग ओढत ओढत डावा. मले तुमच्या टाचा दिसल्या.

उस्ताद, ज्या माणसानं हा एक विजय पाहायसाठी म्हातारपण घालवलं, त्यानं ऐन वेळेले पाठ फिरवली. कायले? तर सुनेले तोंड उघडता यावं म्हणून! मी घुंगट मागं टाकला.

पुढं काय झालं, ते तुम्ही साऱ्या तांड्याले विचारत फिरले. किसननं सांगतलं, चार जणीयले ओढत आणलं. शेवंतानं सांगतलं, हरणासारखी उडी मारली. याडी म्हणाली, "पोरीनं लाज सोडली अन् ढाल आणली, आणखी काय पाह्यजे?" तुम्ही लिंबाखाली बसून कुरकुरत, "लिंबा, कोणी खरं सांगत नाही रे. जिनं केलं तिलेच माहीत." अन् मी तिथीच, भांडे घासत! तांब्यावर टिचकी मारून चढाई कशी सांगता येते हो? तुम्ही एकदा, फक्त एकदा म्हणाले असते, 'बोल बाई', तर मी बोलली असती. काहून नाही म्हणाले? परदेशात जाऊन आले, शेवंताले आणलं, कोट फाडू दिला, अन् एवढा एक शब्द जड झाला? याचा मले राग आहे. तुम्ही गेल्यावरही आहे.

तर आता ऐका. खरं सांगते, एकही शब्द वाढवत नाही.

रेषा ओलांडली अन् माह्या तोंडातून मांजरीच्या पिलासारखा आवाज निघाला. पंचानं बोट वर केलं, "आवाज!" मग मी बोंबलली. कबड्डी, कबड्डी, कबड्डी! पुसदच्या साऱ्या बाजारानं ऐकलं असंन. तुम्हीही ऐकलं, हे मले पक्कं माहीत आहे.

मग मी पहिल्यांदा मान वर करून त्या पोरीयले पाह्यलं. त्यायले तोंडं होती! एकीचं काजळ घामानं गालावर उतरलेलं, एक ओठ चावून राह्यलती. त्याही भेलेल्या होत्या, उस्ताद! अन् इथीच मी चुकली. तुमच्या पोट्ट्यायसारखी त्यायच्या डोळ्यात पाहत बसली. एकीनं डावीकडे पाह्यलं, मी उजवीकडे पळाली, अन् सरळ कोपऱ्यात सापडली.

मग मी नजर खाली केली. पायाकडे. डाव्या कोपऱ्यातलीची टाच उचललेली दिसली. मले समजलं, आता ही घोट्यावर येते. हे तर माहंच काम! मी जे करत आली तेच ती करणार. अन् घोटा धरल्यावर मले कोणत्या चढाईवालीची भीती वाटे, हेही मले माहीत होतं. जी पाय ओढते, ती सापडते. जी पाय सोडून देते अन् अख्खं अंग रेषेकडे टाकते, ती निसटते.

म्हणून मी पाय दिला. हाव, मुद्दाम दिला! तिनं झडप घातली, घोटा धरला. दुसरी कमरेले बिलगली. तिसरी पाठीवर पडली. तिघी, किसन म्हणतो तशा चार नाही. उडीबिडी काही मारली नाही, शेवंताले सांगा. मी सारं अंग रेषेकडे टाकलं अन् तोंडावर पडली. तोंडात माती, नाकात माती, पण दम तुटला नाही. मातीतच म्हणत होती, कबड्डी, कबड्डी. रोज धुरात फुंकणी फुंकून छाती पिठाच्या कोठीएवढी झालती ना! कोपरावर सरकली. एक वीत राह्यली. मग चार बोटं. हात लांब केला, लांब केला, अन् माही बोटं रेषेच्या पलीकडे पडली. शिट्टी वाजली तेव्हाही मी म्हणतच होती. पंचानं खाली वाकून सांगतलं, "बस बाई, जिंकल्या तुम्ही."

तिघी बाद! एका गुणानं मागं होतो, दोन गुणानं पुढं गेलो. जिंकलो, उस्ताद! घुंगटवाल्या जिंकल्या!

उठल्यावर मी पहिले घुंगट ओढला. तुमच्या टाचा तशाच होत्या, माह्याकडे. मैदानात लोक घुसले, शेवंतानं मले उचललं, अन् तुम्ही मात्र हलले नाही. याडी जाऊन म्हणाली, "वळा आता, पोरीनं घेतला घुंगट." तेव्हा वळले. याडी म्हणते, तुम्ही ढसाढसा रडून राह्यलते. तुम्ही खांबाले सांगतलं, डोळ्यात धूळ गेली. पाठ मैदानाकडे असतानी धूळ डोळ्यात कशी जाते हो?

त्याच्यानंतर कोणी म्हणालं नाही, कोट बाजारातला आहे म्हणून. पुढं यवतमाळले जिंकलो, नेरले जिंकलो. सुंदरी वऱ्हाडच्या चमूत गेली, तुमच्यासारखी. तिचं नाव पुकारलं तेव्हा तुम्ही बाजेवरून उठून उभे राह्यले, अन् तेव्हा उठणं तुमाले सोपं राह्यलं नव्हतं. फुलसावंगीच्या बाजारात लोक तुमाले वाट देत. आपल्याले पाहून चार गावायनं बायायच्या टीम काढल्या. उस्ताद म्हणून तुम्ही हरले नाही, एवढं मनात पक्कं ठेवा. तुमचे सारे गुण आमच्या नावावर लागले, म्हणून तुमाले दिसले नसतील.

याडी उठून राह्यली. मले आवरलं पाह्यजे.

उद्या सकाळी नायक येतील. मी चुलीपाशी बसून राहणार नाही. अंगणात येईन, घुंगट मागं टाकीन, अन् माह्याच तोंडानं सांगीन: हाव, मी शिकवते. आवाज पहिले मांजरीसारखा निघंन, पण निघंन. अन् एक अट घालीन. तांड्यातल्या साऱ्या सासऱ्यायनं अन् जेठायनं सामन्याले यायचं, अन् तोंड मैदानाकडे करून उभं राहायचं. आमच्या सुना चढाईलेही जातील अन् बोंबलतीलही, अन् ते त्यायनं डोळ्यानं पाहायचं. तुमच्यासारखं पाठीनं ऐकायची पाळी या तांड्यात मी कोणावर येऊ देणार नाही. हा माहा तुमाले शब्द आहे, अन् तो मी मोठ्यानं बोलून दाखवीन.

तुमची सून अन् तुमच्या टीमचा उजवा कोपरा,
जमना